झिरझिरीवर बोट

वाद्य शेवटी काचेच्या पेटीत गेलं. पेटीला कुलूप लागलं, आणि काचेवर 'कृपया हात लावू नये' अशी पाटी लागली. झालं. गोष्ट संपली.

आता असं काही झालेलंच नाही असं धरून सुरुवात करू. जड जाणार नाही. आमच्या घरात सगळे तसंच धरून चालतात आणि अजून कुणाची तब्येत बिघडलेली नाही.

तर वाद्य कुठेही गेलेलं नाही. ते मावशीच्या कारखान्यात खिडकीजवळ उभं आहे. कारखाना म्हणजे घराची पुढची खोली. तिथे भुसा आहे, पट्टे आहेत, रंधे आहेत, आणि एक सोफा आहे ज्यावर कुणी बसू नये म्हणून मावशीने त्यावर करवती मांडल्या आहेत. वाद्याचं नाव हार्पसिकॉर्ड. लांबून ते पियानोसारखं दिसतं, पण जो कुणी त्याला पियानो म्हणतो त्याला मावशी दुसऱ्यांदा चहा विचारत नाही. फरक साधा आहे. पियानोत तारेला हातोडी बसते. इथे बोटाखालची पट्टी दाबली की आतून जॅक वर उडी मारतो. जॅक म्हणजे लाकडाची चपटी काडी, आइसक्रीमच्या काडीची थोरली बहीण समजा. तिला एक नखी खोचलेली असते. ती नखी तार छेडते आणि गुपचूप खाली येऊन बसते, जणू काही तिने केलंच नाही.

नख्या मी करते. कावळ्याच्या पिसांच्या. पीस सोलायचं, दांडा तासायचा, टोक तिरकं कापायचं. केसभर जास्त राहिलं तर तार खेकसते, केसभर कमी झालं तर पुटपुटते. कावळ्यांशी आमचे संबंध चांगले आहेत. ते पिसं टाकतात, मी उचलते. एक कावळा तर पीस टाकून मागे वळून बघतो, मी उचललं की नाही ते. पहिल्या प्रतीचं पीस नसेल तर मी उचलत नाही, आणि मग तो दिवसभर बोलत राहतो.

हे वाद्य वस्तुसंग्रहालयाच्या तळघरातून आमच्याकडे आलं तेव्हा त्यात उंदरांचं एकत्र कुटुंब राहत होतं. तबली, म्हणजे तारांखालची ती पातळ फळी जिच्यामुळे आवाज मोठा होतो, तिला भेग गेली होती. खुंट्या गंजल्या होत्या. मावशीने वर्षानुवर्षं एकेक तुकडा काढून, साफ करून, परत बसवला. आणि तो बसवला सरसाने.

सरसाबद्दल सांगायलाच हवं. कातडं उकळून केलेला हा डिंक. त्याला वास येतो. कसला, ते विचारू नका. लाकडाला तो असा धरतो की फळी फुटेल पण सांधा सुटणार नाही. मात्र ऊब आणि ओल एकत्र मिळाली की मऊ होतो. मावशीच्या मते हाच त्याचा मोठेपणा. "आपण केलेली दुरुस्ती पुढच्या माणसाला सोडवता आली पाहिजे," ती म्हणते. "न सुटणारं चिकटवणं म्हणजे दादागिरी." संग्रहालयाचा नियमही हाच आहे.

अडचण एवढीच, की मावशी घरातलं सगळंच सरसाने चिकटवते. चपलेचे अंगठे, काकांच्या चष्म्याची काडी, कपांचे कान. आमच्याकडे गरम चहा ओतला की थोड्या वेळाने कान हातात राहतो आणि कप निघून जातो. पाहुण्यांना आम्ही आधीच सांगतो, दोन्ही हातांनी धरा.

काका म्हणजे मावशीचे यजमान. त्यांचं काचेचं दुकान घराच्या मागच्या बाजूला आहे. खिडक्या, आरसे, दुकानांची कपाटं. माणूस शांत, माप पक्कं. त्यांनी कापलेली काच कधी चौकटीत घासून बसवावी लागली नाही. सुट्टीच्या दिवशी ते बिस्किटं भाजतात, तीही साधारण काचेसारखीच होतात.

आणि साहेब. संग्रहालयाचे परीक्षक. ते कायम पांढरे हातमोजे घालतात, म्हणून आम्ही त्यांना मोजेसाहेब म्हणतो. तोंडावर नाही. 'हात लावू नये' ही पाटी त्यांनी इतक्या वस्तूंवर लावली आहे, की त्यांच्या घरच्या भाकरतव्यावरही ती असावी असा माझा अंदाज आहे. वाद्य जवळजवळ तयार झालं तेव्हा ते पहिल्यांदा ऐकायला आले. लक्ष देऊन ऐकताना त्यांचं तोंड उघडं राहतं. मावशीने प्रत्येक पट्टी दाबून दाखवली. मोजेसाहेब आ वासून ऐकत राहिले आणि शेवटी म्हणाले, "उत्तम. आता रीतसर तपासणी तेवढी राहिली. नियम माहीतच आहे तुम्हाला."

"सांगा ना परत," मी म्हटलं. मला नियम ऐकायला आवडतात.

"तपासणीत निर्दोष ठरलेली वस्तू दालनात ठेवून आठवड्यातून एकदा लोकांसाठी वाजवली जाईल. दोष आढळलेली वस्तू काचेत ठेवली जाईल. कायमची."

मावशीने वाद्याच्या कडेवर हात ठेवला, जसा आपण शाळेच्या दारात पोराच्या डोक्यावर ठेवतो. इतक्या वर्षांत हे वाद्य ऐकलं होतं तिने, मी आणि उंदरांनी. उंदरांनी कधी दाद दिली नव्हती. तिला दालन हवं होतं, खुर्च्या हव्या होत्या, मधेच खोकणारी माणसं हवी होती. न वाजणारं वाद्य म्हणजे पाय असलेलं कपाट, असं ती म्हणायची.

त्या दिवशी जाता जाता मोजेसाहेबांनी सौजन्य म्हणून काकांचं बिस्कीट चावलं.

टक्.

बिस्किटाला काही झालं नाही. साहेबांच्या पुढच्या दातावरची टोपी मात्र मोज्यात पडली. दुपारी त्यांचं संचालकांसमोर भाषण होतं, आणि दातांच्या डॉक्टरकडे जायची त्यांना भीती वाटत होती. ते मशीन सुरू झालं की मला घरची आठवण येते, म्हणाले. मावशीने त्यांना स्टुलावर बसवलं, मान मागे केली आणि टोपी बसवून दिली. काम असं सुबक की ते आरशात बघून म्हणाले, "वा! आता डॉक्टरकडे जायलाच नको." आणि खरंच गेले नाहीत.

हा प्रसंग आम्ही विसरून गेलो. आमच्याकडे रोजच काही ना काही चिकटवलं जातं.

रीतसर तपासणीच्या दिवशी साहेब वेळेवर आले. मावशीने त्यांना वाफाळता चहा दिला. त्यांनी तो दोन्ही हातांनी धरून प्यायला. मग मावशी वाजवायला बसली. खालचे सूर स्वच्छ. मधले स्वच्छ. आणि मधेच एका पट्टीवर—

झिर्रर्र.

जणू वाद्यात माशी अडकली आहे आणि तिला गाण्याची आवड आहे. मावशीने परत पट्टी दाबली. झिर्रर्र. तिचा चेहरा तारेसारखा ताणला गेला.

"बाई," मोजेसाहेब म्हणाले, "काहीतरी झिरझिरतंय."

"ऐकलं मी."

"मला हे लिहावं लागेल."

"आठवडाभर थांबा. काढते मी ते."

साहेब थांबायला तयार झाले. निघताना त्यांनी काकांना बाजूला घेतलं आणि सावधगिरी म्हणून पेटीसाठी काचेची मापं घेऊन ठेवायला सांगितली. गावात, म्हणजे आसपास कुठेही, तेवढी मोठी काच कापणारं दुसरं कुणी नव्हतं. काकांनी 'बरं' म्हटलं. त्या क्षणापासून मावशीने त्यांच्याशी थेट बोलणं बंद केलं.

"तुझ्या काकांना सांग, जेवण वाढलंय."

काका समोरच बसले होते.

"तिला म्हणावं, मी फक्त मापं घेतली आहेत."

"त्यांना म्हणावं, माझी पण घ्या. मलाही ठेवा त्यात."

"काका, ती म्हणते—"

"ऐकलं गं. तिचं माप मला तोंडपाठ आहे."

झिरझिर शोधायची आमच्या धंद्यात एकच पद्धत आहे: बोट लावणे. तारेचा एखादा सूर खोलीतल्या कुठल्यातरी सैल वस्तूला आपला वाटतो, आणि ती त्याच्याबरोबर गुणगुणायला लागते. वाद्याचा दोषच नसतो कित्येकदा. मग एकाने ती पट्टी दाबत राहायची आणि बाकीच्यांनी खोलीतल्या एकेका वस्तूवर बोट ठेवत फिरायचं. ज्या वस्तूवर बोट ठेवताच झिरझिर थांबते, ती चोर. आम्हाला याची इतकी सवय आहे की कुठेही काही कुरकुरलं तरी बोट आपोआप पुढे होतं. फ्रिजवर, बसच्या खिडकीवर, एकदा तर काकांनी लग्नात घोरणाऱ्या व्याह्यांवर ठेवलं होतं. थांबले ते. सोयरीकही थांबणार होती.

पण आता पंचाईत निराळीच झाली. साहेब गेले आणि झिरझिरही गेली. मावशी तीच पट्टी दाबत होती. स्वच्छ, गोल, मधाळ सूर. आम्ही बोटं पुढे करून उभे. धरायला चोरच नाही.

"येईल," मावशी म्हणाली. "दबा धरून बसली आहे."

मग आम्ही खोली रिकामी करायला घेतली. रंधे गेले, करवती गेल्या, सोफा गेला. पडद्याच्या कड्या काढल्या. मावशीने कानातलं काढलं. माझे खिसे तपासले आणि त्यातली पिनांची डबी, शिट्टी आणि एक चमचा जप्त केला. चमचा का होता ते मलाही सांगता आलं नाही. मागे दुकानात काकांच्या काचा होत्या, म्हणून मावशीने निरोप पाठवला की काचा थरथरत असतील. काकांनी घरातली सगळी पांघरुणं काचांना गुंडाळली. आठवडाभर घरात काचा ऊबदार होत्या आणि माणसं शिंकत होती.

"तिला सांग, शिंकेने तार झिरझिरत नाही ना, ते बघ."

"त्यांना सांग, शिंकताना बाहेर जा."

पुन्हा तपासणीचा दिवस आला. खोलीत वाद्य, वाद्यापुढचं बाक आणि आम्ही. भिंतीवर खिळासुद्धा नाही. मोजेसाहेब आत आले आणि खोली बघून हळूच म्हणाले, "जप्ती आली का काय?"

"तयारी आहे," मावशी म्हणाली. "चहा घ्या. गरम आहे."

साहेबांनी उभ्यानेच चहा संपवला. तोंड उघडलं. मावशीने सरळ त्या पट्टीवरच बोट ठेवलं.

झिर्रर्र.

मी सवयीने भिंतीला बोट लावलं. काकांनी खिडकीला. मी दाराला, काकांनी दाराच्या कडीला. मावशी पट्टी दाबत राहिली, झिर्र, झिर्र, झिर्र. मी जमिनीला बोट लावलं. काकांनी माझ्या नाकाला. मग मी आणि काका एकदमच थांबलो. खोलीत बोट न लावलेली एकच वस्तू उरली होती आणि ती रिकामा कप घेऊन उभी होती.

"काय चाललंय हे?" मोजेसाहेब म्हणाले.

काकांनी त्यांच्या चष्म्यावर बोट ठेवलं.

"अहो!"

झिर्रर्र. चष्मा नाही. मी त्यांच्या कोटाच्या बटणांना क्रमाने बोट लावलं. काकांनी पट्ट्याच्या बक्कलाला. साहेब थिजून उभे होते. आयुष्यभर दुसऱ्यांना हात लावू न देणाऱ्या माणसाला हात लागायला लागले की तो नेमका वस्तूसारखा उभा राहतो, हे मी त्या दिवशी पाहिलं. ऐकायची सवय मात्र त्यांची सुटली नव्हती. तोंड उघडंच होतं.

मावशीने एका हाताने पट्टी दाबता दाबता मान वळवली. त्यांच्या तोंडाकडे बघितलं. मग दुसरा हात लांब केला आणि त्यांच्या पुढच्या दातावर बोट ठेवलं.

शांतता. आणि शांततेत तो सूर, स्वच्छ, जसा कुणी नुकताच धुऊन वाळत घातला असावा.

बोट काढलं. झिर्रर्र. ठेवलं. स्वच्छ.

"आई," मोजेसाहेब बोटामागून म्हणाले, "आ आझा आत आहे."

"काय म्हणतात?" काकांनी विचारलं.

"बाई, हा माझा दात आहे," मी सांगितलं. आठवडाभर निरोप पोचवून माझी तयारी झाली होती.

मावशीने बोट काढून घेतलं आणि पदराला पुसलं. "तोंड मिटा साहेब. आता सगळं वाजवून दाखवते."

त्यांनी तोंड मिटलं आणि तिने वाजवलं. काय सांगू! ती रिकामी खोली भरून गेली. करवतींशिवाय, सोफ्याशिवाय, माझ्या चमच्याशिवाय. काका डोळे मिटून उभे होते आणि खिडकीत माझा कावळा चक्क गप्प बसला होता. संपल्यावर मावशीने साहेबांकडे बघितलं.

"मला नीट ऐकू आलं नाही," मोजेसाहेब म्हणाले. "तोंड मिटलं की माझं लक्ष लागत नाही."

"मग त्या दाताचं काहीतरी करा!"

"तुम्हीच बसवला होता, बाई. हलतो कसा?"

मावशीचा चेहरा पडला. तिने वाद्याकडे बघितलं, चहाच्या कपाकडे बघितलं. आणि नेमका तेव्हा कपाचा कान साहेबांच्या मोज्यात राहिला आणि कप निघून गेला.

"सरसाने बसवलाय," ती पुटपुटली. "ओलं राहिलं, वर गरम लागलं, की सैल होतो."

"म्हणजे माझा दात तुम्ही कच्चा बसवलात?"

"कच्चा नाही! पुढच्या माणसाला सोडवता यावा असा. तुमचाच नियम आहे."

मोजेसाहेबांनी जिभेने दात चाचपला. नियम त्यांचाच होता. त्याचा त्यांना अभिमान होता. आता तो त्यांच्या तोंडात हलत होता.

"बरोबर आहे," शेवटी ते म्हणाले. "काम नियमानुसार आहे. पण मुदत संपली, आणि दुसराही नियम आहे. तपासणीत दोष आढळला तर वस्तू काचेत."

"दोष तुमच्यात आहे, साहेब!" मी म्हटलं.

"दोष कुणात, हे नियमात नाही. मीच लिहिलाय, म्हणून खात्रीने सांगतो."

"मग बदला."

"ज्याने लिहिला त्यानेच बदलला तर त्याला नियम कोण म्हणेल?" हे बोलताना त्यांचा आवाज जरा कापला. माणूस वाईट नाही. नियमाला सोडवायची सोय ठेवायला विसरला, एवढंच. चांगला सरस वापरायला हवा होता.

तर जे झालेलं नाही असं आपण धरलं होतं, ते असं झालं.

पेटी काकांनी केली. मावशी दालनात उभी राहून बघत होती. काचा उभ्या राहिल्या, छत बसलं, आणि तिच्या कपाळावर आठी पडली. पेटी भलतीच मोठी झाली होती. वाद्याच्या पट्ट्यांसमोर चांगली मोकळी जागा उरली होती, एक बाक आणि बाकावर एक माणूस मावेल एवढी. हात पसरता येतील, कोपर कुठे लागणार नाही, एवढी.

"तुझ्या काकांना सांग," ती म्हणाली, "माप चुकलंय."

"तिला सांग, चुकलं असेल. वय झालं आता."

मावशीने त्यांच्याकडे बघितलं. काका रुमालाने काच पुसत होते, जिथे डाग नव्हता तिथे.

"अहो," मावशी म्हणाली. थेट. "घरी चला. चहा टाकते."

मी निरोप पोचवायला तोंड उघडलं होतं, ते तसंच मिटलं.

आता वाद्य म्हटलं की सूर उतरतात, आणि दुरुस्त केलेली वस्तू आहे त्या स्थितीत राखावी असाही एक नियम आहे. त्यामुळे संग्रहालय बंद असतं त्या दिवशी मावशी सुराची किल्ली घेऊन पेटीत जाते. काकांनी केलेलं दार मागे लागतं. सूर लावून झाले, की लागलेत की नाही हे बघावं लागतं. ते ती बघते. फार वेळ बघते. तिची बोटं पळत असतात, जॅक उड्या मारत असतात, आणि बाहेर आवाजाचा टिपूसही येत नाही, कारण काकांची काच म्हणजे काच आहे.

बाहेर आम्ही उभे असतो. मी, काका आणि मोजेसाहेब, तोंड उघडं ठेवून. परवा त्यांनी मला हळूच विचारलं, "चांगलं वाजतंय का गं?"

मी काचेला बोट लावलं. काच बारीक थरथरत होती. काकांनीही बोट लावलं. मोजेसाहेबांनी पाटीकडे बघितलं, दालनात कुणी नाही ना ते बघितलं, उजव्या हातातला मोजा काढला, आणि 'कृपया हात लावू नये' या अक्षरांच्या शेजारी बोट टेकवलं. दात गप्प होता. साहेब मावशी थांबेपर्यंत हलले नाहीत.

घरी येऊन मी अर्ज लिहिला. तो असा:

प्रति, मा. नियामक मंडळ, वस्तुसंग्रहालय.

विषय: काचेच्या पेटीतील वस्तू बदलून मिळणेबाबत.

महोदय,

आपल्या नियमानुसार दोष आढळलेली वस्तू काचेत ठेवणे व निर्दोष वस्तू लोकांसाठी बाहेर ठेवणे बंधनकारक आहे. तपासणीत आढळलेला दोष मा. परीक्षक यांच्या वरच्या पुढील दातात असल्याचे तीन व्यक्तींनी खोलीभर बोटे लावून खात्री केली आहे. सबब, वाद्य पेटीबाहेर काढून त्या जागी मा. परीक्षक यांना ठेवण्यात यावे. पेटीत एक बाक व एक व्यक्ती यांस पुरेशी जागा असून त्यासाठी काचेत कोणताही बदल करावा लागणार नाही. परीक्षकांना दर आठवड्याला मऊ फडक्याने पुसण्याची व कोमट चहा देण्याची जबाबदारी अर्जदार विनामूल्य स्वीकारत आहे. वाद्य वाजत असताना त्यांना ते ऐकू यावे म्हणून बोट टेकवण्यापुरता काचेचा एक कोपरा पाटीतून वगळावा.

मा. परीक्षक यांची यास हरकत नसावी. विचारले तेव्हा त्यांचे तोंड उघडे होते, परंतु त्यातून नकार आला नाही.

तरी योग्य ते आदेश त्वरित व्हावेत, ही नम्र विनंती.